वुडहेडचा बोगदा: बत्तीस मृत्यूंचा खर्च कोणाच्या खात्यावर?

मँचेस्टर आणि शेफील्ड या दोन शहरांच्या मध्ये पेनाइन डोंगररांग आडवी पसरली आहे. डिसेंबर १८४५ मध्ये तिच्या पोटातून आगगाडी धावू लागली. वुडहेडचा हा बोगदा तीन मैलांहून किंचित जास्त लांबीचा, त्या काळचा ब्रिटनमधला सर्वांत लांब रेल्वे बोगदा. काम सुरू झालं होतं ऑक्टोबर १८३८ मध्ये. मधल्या सात वर्षांत तिथे ३२ मजूर मेले. २३ जणांची हाडं मोडून कातडीबाहेर आली, ७४ जणांची साधी मोडली. भाजणं, चेंगरणं, मांस फाटणं, सांधा निखळणं अशा जबर दुखापतींची १४० प्रकरणं झाली. बोटं चिरडली, नडगी फुटली, डोक्याला खोक पडली, असल्या किरकोळ गोष्टी चारशेच्या घरात.

ही नोंद ठेवली हेन्री पॉमफ्रेट या डॉक्टरने. त्याचं मानधन मजुरांच्या वर्गणीतून निघत होतं.

त्या काळात कालवे आणि रेल्वेमार्ग बांधताना माणसं सगळीकडेच मरत होती. तरी अभ्यासासाठी मी वुडहेड निवडलं, कारण इथल्या मरणाची चर्चा उघड झाली. डॉक्टरने आकडे दिले, मँचेस्टरमधल्या काही लोकांनी ते छापले, कंत्राटदाराने उत्तर छापलं, इंजिनीअरला संसदेच्या समितीपुढे प्रश्न विचारले गेले. प्रत्येकाने आपापली बाजू स्वतःच्या तोंडाने मांडली. हे सगळं एकत्र वाचल्यावर माझं मत असं झालं की डोंगर कठीण होता म्हणून माणसं मेली, हे अर्धंच खरं आहे. कामाची पद्धत ज्यांनी ठरवली, त्यांच्या खिशाला मजुराच्या मरणाची झळ लागत नव्हती. उरलेलं अर्धं सत्य इथे आहे.

जागा

वुडहेड म्हणजे गाव म्हणावं असं काही नव्हतंच. लाँगडेंडेल नावाच्या खोऱ्याच्या टोकाला एक लहानसं चॅपेल, थोडी मेंढपाळांची घरं आणि वर उघडं माळरान. बोगद्याचं पश्चिमेचं तोंड इथे आणि पूर्वेचं डनफर्ड ब्रिजला. समुद्रसपाटीपासून हजार फुटांवरची जागा, बारा महिने वारा, पाऊस आणि चिखल. दोन्ही तोंडांकडून खणत बसलं असतं तर जन्म गेला असता, म्हणून माळावरून खाली पाच शाफ्ट, म्हणजे विहिरीसारखे उभे खड्डे, उतरवले. प्रत्येक शाफ्ट शेकडो फूट खोल. त्यांच्या तळाला पोचलं की दोन्ही दिशांना बोगदा खणायचा, म्हणजे एकाच वेळी अनेक ठिकाणी काम चालतं. खडक वाळूचा आणि शेलचा, म्हणजे पापुद्र्यांच्या ठिसूळ दगडाचा. पाणी इतकं की पंप थांबले की माणसं गुडघाभर पाण्यात.

बोगदा बांधणाऱ्या रेल्वे कंपनीच्या गाठीला पैसा मात्र कधीच पुरेसा नव्हता. पहिला इंजिनीअर चार्ल्स व्हिनोल्स याने बोगद्याचा खर्च ६०,००० पौंड धरला होता. त्याने स्वतः कंपनीचे भरपूर शेअर घेऊन ठेवले, भाव कोसळला, हप्ते भरता येईनात आणि तो कर्जात बुडून बाहेर पडला. त्याच्या जागी आलेल्या जोसेफ लॉकने खर्चाचा अंदाज थेट दोन लाख पौंडांवर नेला. जागेवर रोजचं काम पाहायला वेलिंग्टन पर्डन हा साहाय्यक इंजिनीअर होता. खणायचं काम निकल्सन आणि हॅटर्सली या कंत्राटदारांकडे. खर्चाचा आकडा तिपटीवर गेलेला आणि भागधारक हात आखडता घेत असलेले, अशा कामावर घाई कोणाला आणि काटकसर कुठे, हे सांगायला नको.

मजुरांची संख्या कामाच्या भरात हजार ते दीड हजारापर्यंत जाई. यांना सगळे नॅव्ही म्हणत. हे नाव आधीच्या पिढीत कालवे खणणाऱ्यांना पडलं होतं, तेच रेल्वेवाल्यांना चिकटलं. कोणी शेतमजुरी सोडून आलेले, कोणी आयर्लंडमधले, कोणी खाणीतून आलेले. शेतावर मिळे त्याच्या जवळजवळ दुप्पट मजुरी इथे बोलीत होती. ती हातात किती पडे, ते पुढे येईलच.

झोपड्या

एवढ्या माणसांच्या राहण्याची सोय आधी करायला हवी, असं कोणाच्या मनात आलं नाही. मजुरांनी मिळेल तो दगड रचला, फटींत चिखल भरला आणि माळावरचं हेदरचं झुडूप कापून छप्पर शाकारलं. अशा एका झोपडीत एखादं कुटुंब राही आणि सोबत भाड्याने ठेवलेले गडी, कधी चौदा-पंधरा जण. घरातली बाई सगळ्यांचं रांधायची, कपडे धुवायची, जखमी झालेल्याचं करायची. पाळ्या दिवसरात्र चालत, त्यामुळे एक उठला की त्याच अंथरुणावर दुसरा आडवा होई. ओले कपडे वाळवायला चूल एकच.

मँचेस्टरचे शल्यवैद्य जॉन रॉबर्टन तिथे जाऊन आले आणि त्यांनी या झोपड्यांचं वर्णन केलं. त्यांच्या लिहिण्यात मजुरांच्या नीतिमत्तेबद्दल बरंच आहे: कोण लग्नाशिवाय एकत्र राहतं, कोण किती पितं, रविवारी चॅपेलला कोणी का जात नाही. मला ती पानं फारशी उपयोगाची वाटत नाहीत. रात्रभर पाण्यात उभं राहून आलेल्या माणसाने प्रार्थनेला जावं ही अपेक्षा करणारा माणूस भला असेल, पण तो बघायचं ते सोडून भलतंच बघतो आहे. रॉबर्टन यांचं मोठेपण असं की तरीही ते तिथे थांबले नाहीत. पगार कसा होतो, दुकान कोणाचं, डॉक्टरचे पैसे कोण देतं, हे सगळं त्यांनी विचारून घेतलं.

नऊ आठवड्यांचा पगार

वुडहेडवर पगार होत असे नऊ आठवड्यांनी.

कामावर येणारा माणूस बहुधा चालत आलेला, खिशात काही नसलेला. पहिला पगार हातात पडायला दोन महिने. तोपर्यंत खायचं काय? तर कंत्राटदाराकडून उचल घ्यायची. उचल रोखीत मिळत नसे, चिठ्ठी मिळे. ती चिठ्ठी ठरलेल्याच दुकानात चाले आणि त्या दुकानाच्या मिळकतीत कंत्राटदाराचा वाटा असे. पीठ, खारवलेलं मांस, लोणी, सगळं शहरातल्या बाजारापेक्षा महाग आणि प्रतीने हलकं. दुसरीकडून घ्यावं म्हटलं तर बाजार मैलोगणती लांब, आणि चिठ्ठी तिथे कोणी घेणार नाही. ज्याला रोख हवीच, तो ती चिठ्ठी कमी भावात कोणालातरी विकून टाकी. चिठ्ठीवर बिअरही मिळे. बिअर मात्र कधी कमी पडली नाही.

नऊ आठवड्यांनी हिशेब होई तेव्हा आधी दुकानाची उधारी कापली जाई. उरलं तर हातात. ज्याचं काहीच उरत नसे, त्याला दुसऱ्या दिवशी पुन्हा उचल मागायला तिथेच उभं राहावं लागे. म्हणजे त्याला काम सोडून जायचीही सोय नव्हती. आणि ज्याचं उरे, त्याच्या हातात दोन महिन्यांचा पैसा एकदम येई. मग तीन-चार दिवस काम बंद, दारू, मारामाऱ्या आणि त्यानंतर तारवटलेल्या डोळ्यांनी पुन्हा शाफ्टमध्ये उतरणं. अपघातांचं खापर नंतर या दारूवर फोडलं गेलं.

कंत्राटदारांचा युक्तिवाद ऐकण्यासारखा आहे, कारण तो वरवर पाहता पटतो. पगाराच्या दिवशी माणसं पितात. म्हणून पगाराचे दिवस जितके कमी, तितकं पिणं कमी. याला उत्तर त्याच काळात दुसऱ्या कामांवर तयार होतं. सॅम्युअल मॉर्टन पेटो हा मोठा कंत्राटदार आपल्या मजुरांना दर आठवड्याला रोख पगार देत होता आणि त्याची कामं वेळेत पुरी होत होती. थोडा पैसा नियमित हातात आला की माणूस तो जपून वापरतो. दोन महिने उपाशी ठेवून मग एकदम ताट वाढलं तर तो हावऱ्यासारखा खातो, यात त्याच्या स्वभावाचा दोष किती?

पगाराऐवजी माल किंवा चिठ्ठी द्यायला १८३१ च्या ट्रक कायद्याने बंदी घातलेली होती. पण त्या कायद्यात कोणकोणते धंदे येतात याची यादी होती आणि त्या यादीत रेल्वेचं बांधकाम नव्हतं. वुडहेडचं दुकान पूर्णपणे कायदेशीर होतं.

लोखंडाची कांब

आता प्रत्यक्ष कामाकडे येतो, कारण या प्रकरणाचा गाभा एका हातभर लांबीच्या कांबेत आहे.

वुडहेडच्या बोगद्यात १५७ टन सुरुंगाची दारू उडवली गेली. सुरुंग भरायची रीत अशी. एकाने पोलादी छिन्नी खडकावर धरायची, दुसऱ्याने तिच्यावर घण घालायचा, प्रत्येक घावानंतर छिन्नी थोडी फिरवायची. असं करत खडकात खोल भोक पाडायचं. भोक कोरडं करून त्यात दारू ओतायची. दारूपर्यंत पोचेल अशी एक बारीक सळई भोकात उभी ठेवायची आणि तिच्याभोवती माती, दगडाचा चुरा घालून कांबेने गच्च ठासायचं. ठासणं सैल राहिलं तर स्फोटाचा जोर तोंडावाटे निघून जातो आणि खडक फुटत नाही. ठासून झालं की सळई हलक्या हाताने ओढून काढायची. तिच्या जागी राहिलेल्या बारीक वाटेत दारू भरलेली गवताची काडी सरकवायची, ती पेटवायची आणि पळायचं.

यात जीव दोन-तीन ठिकाणी जातो. ठासायची कांब लोखंडाची असेल तर वाळूच्या खडकावर घासून ठिणगी पडते आणि खाली दारू असते. सळई ओढतानाही तेच. काडी कधी झर्रकन जळते, कधी विझल्यासारखी वाटते आणि माणूस वाकून बघायला गेला की उडते. पाच नंबरच्या शाफ्टमध्ये एक जण सुरुंग ठासत होता आणि दुसरा त्याच्या खांद्यावरून वाकून पाहत होता. ठासतानाच दारू पेटली. कांब बंदुकीच्या गोळीसारखी सुटली आणि पाहणाऱ्याच्या डोक्यातून आरपार गेली. तो जागीच मेला.

या सगळ्यावर उपाय माहीत होते. तांब्याच्या कांबेने ठिणगी पडत नाही, ही गोष्ट खाणकामगारांना पाठ होती. कॉर्नवॉलमधल्या विल्यम बिकफर्ड याने १८३१ मध्ये सुरक्षित वात तयार केली होती: सुताच्या वेढ्यांमध्ये दारूची बारीक धार आणि वरून डांबराचा लेप. ती ठरावीक वेगाने जळते. किती लांब कापली म्हणजे पळायला किती वेळ मिळेल, हे आधीच कळतं. सळईची गरजच उरत नाही, म्हणजे ती ओढून काढायचा धोकाही नाही. वुडहेडचं काम सुरू झालं तेव्हा या वातीला सात वर्षं होऊन गेली होती.

वुडहेडवर ती वापरली गेली नाही. का नाही, हे पर्डन यांना १८४६ मध्ये संसदेच्या समितीने विचारलं. वात अधिक सुरक्षित आहे ना? त्यांचं उत्तर नोंदलेलं आहे. कदाचित असेल, ते म्हणाले, पण तिच्यात फार वेळ जातो आणि फरक अगदी थोडा आहे. तिने जे काही जास्तीचे जीव वाचतील, तेवढ्यासाठी वेळ घालवावा अशी शिफारस मी करणार नाही.

हे उत्तर वाचून राग येतो आणि यायलाच हवा. पण पर्डन हा क्रूर माणूस होता असं समजून पुढे गेलं तर प्रकरण हातातून निसटतं. तो आपल्या पदावरून बरोबर हिशेब मांडत होता. वेळ वाया गेला तर कंपनीचं नुकसान, आणि त्याचा जाब त्याला विचारला जाणार. माणूस मेला तर कंपनीच्या वहीत त्याची ओळही पडणार नाही. ज्या हिशेबात एका बाजूला पौंड आणि दुसऱ्या बाजूला शून्य आहे, तो हिशेब कुठलाही इंजिनीअर असाच सोडवेल. चूक त्या शून्यात आहे.

खर्च जायचा कुठे

शून्य फक्त कंपनीच्या वहीत होतं. खर्च होतच होता, तो दुसरेच भरत होते.

पहिला भार मजुरांच्या फंडावर. ज्यांचं हातावर पोट, त्यांच्याच मजुरीतून वर्गणी काढून हा आजारपणाचा फंड चाले. डॉक्टर त्यातून, जखमी माणसाचा पोटापुरता खर्च त्यातून, मेलेल्याचं दफन त्यातून. पॉमफ्रेट यांना माळावरच्या खोपटांत जाऊन दिव्याच्या उजेडात हाडं बसवावी लागत.

दुसरा भार बायकांवर. नवरा गेला तर झोपडीत गडी ठेवून रांधत राहायचं, नाहीतर मुलं घेऊन आपल्या मूळ गावी परतायचं.

तिसरा भार त्या मूळ गावावर. गरिबांच्या पोटापाण्याची जबाबदारी पॅरिशवर, म्हणजे एका चर्चच्या हद्दीतल्या गावावर, होती आणि पॅरिश तिथल्या घरमालकांकडून, शेतकऱ्यांकडून कर घेऊन ती पार पाडे. नॉरफोक किंवा लिंकनशायरमधला धट्टाकट्टा गडी रेल्वेवर जाई आणि एक डोळा, एक हात गमावून परत येई. पुढची तीस वर्षं त्याला पोसायचं त्या पॅरिशने, जिचा त्या रेल्वेशी काही संबंध नाही.

आणि कायदा? १८३७ मध्ये प्रीस्टली विरुद्ध फाउलर या खटल्यात एका खाटकाकडच्या पोऱ्याने मालकावर दावा लावला होता. जास्त माल भरलेली गाडी मोडून त्याची मांडी मोडली होती. तो हरला. त्या निकालातून पुढे असं तत्त्व रुजलं की सोबतच्या कामगाराच्या चुकीने इजा झाली तर मालक जबाबदार नाही. कामातले धोके माणूस मजुरीबरोबरच पत्करतो. आणि बोगद्यात मुकादमापासून सुरुंग भरणाऱ्यापर्यंत सगळेच 'सोबतचे कामगार'. मग मालकाला गाठणार कसं?

चॅडविक यांचं गणित

जानेवारी १८४६ मध्ये मँचेस्टरच्या सांख्यिकी मंडळापुढे वुडहेडबद्दलचे निबंध वाचले गेले. रॉबर्टन आणि इंजिनीअर रॉबर्ट रॉलिन्सन यांच्यासोबत त्यात एडविन चॅडविक होते. चॅडविक हे नाव इंग्लंडमधल्या गरिबांमध्ये तिरस्काराने घेतलं जाई. १८३४ च्या ज्या गरीब कायद्याने निराधारांना वर्कहाउसमध्ये, म्हणजे काम करून घेणाऱ्या आश्रयगृहांत, कोंडलं, तो घडवण्यात त्यांचा मोठा हात. त्याच माणसाने नॅव्हींची बाजू एवढ्या नेटाने का लावून धरली? मला वाटतं, कारण त्यांना पॅरिशची बिलं दिसत होती. दया हा त्यांचा प्रांत नव्हता. खर्च चुकीच्या माणसावर पडतो आहे, हे मात्र त्यांच्या नजरेतून सुटत नसे.

त्यांनी पॉमफ्रेटचे आकडे घेतले. मजूर सुमारे हजार धरले, तर मेलेले तीन टक्क्यांहून जास्त आणि जबर जखमी चौदा टक्के. मग त्यांनी नेपोलियनविरुद्धच्या स्पेनमधल्या लढाया आणि वॉटर्लू यांतल्या साध्या सैनिकांच्या मृत्यूंचं प्रमाण शेजारी ठेवलं. वुडहेडचं प्रमाण जास्त निघालं.

या तुलनेने खळबळ उडाली, पण ती काटेकोर नाही हे सांगायला हवं. लढाई एक-दोन दिवसांची, बोगदा सात वर्षांचा. त्या सात वर्षांत माणसं येत-जात राहिली, त्यामुळे एकूण किती जण तिथे राबले तो आकडा हजाराहून बराच मोठा असणार. कंत्राटदार निकल्सन यांनी छापलेल्या उत्तरात या निबंधांतल्या चित्रावर बरेच आक्षेप घेतले. पण त्यातल्या कुठल्याही आक्षेपाने ३२ चे ३१ झाले नाहीत.

चॅडविक यांचा खरा मुद्दा लढायांचा नव्हता, फ्रान्सचा होता. १८४१ ते १८४३ या काळात पॅरिस ते रूआँ रेल्वे बांधली गेली. तिचा इंजिनीअर जोसेफ लॉकच, वुडहेडचा. कंत्राटदार मॅकेंझी आणि ब्रासी हे ब्रिटनमधलेच, आणि मजुरांमध्ये हजारो इंग्लिश नॅव्ही. पण फ्रेंच कायद्याप्रमाणे मजुराला झालेल्या इजेची भरपाई काम करवून घेणाऱ्यावर पडे. तोच इंजिनीअर, तशीच माणसं, तशीच सुरुंगाची दारू. फक्त माणूस मेला की कंत्राटदाराच्या वहीत रक्कम पडत होती. इंग्लंडमध्येही तसंच करा, चॅडविक म्हणाले. जो काम करवून घेतो, त्याच्यावरच अपघाताचा खर्च टाका. मग तांब्याची कांब वापरा म्हणून निरीक्षक पाठवायची गरज पडणार नाही. कंपनी स्वतःच तांबं विकत घेईल.

संसदेची समिती

निबंधांमुळे संसदेला दखल घ्यावी लागली. एडवर्ड प्लेडेल-बूव्हरी यांच्या अध्यक्षतेखाली रेल्वे मजुरांसाठी समिती नेमली गेली. तिच्यापुढे कंत्राटदार, इंजिनीअर, पाद्री, डॉक्टर, पोलिस अधिकारी आणि काही नॅव्हीही बोलले. नामांकित इंजिनीअर इजंबार्ड किंगडम ब्रुनेल यांनाही बोलावलं होतं. त्यांच्या बॉक्स बोगद्यावरून १८३९ ते १८४१ दरम्यान बाथच्या इस्पितळात पोचवलेल्या १३१ जखमींची यादी त्यांच्यापुढे ठेवली गेली. एवढं अवजड काम आणि सुरुंगाची एवढी दारू लक्षात घेता ही संख्या थोडीच आहे, असं ब्रुनेल यांचं म्हणणं पडलं. त्यांच्या पुलांची आणि जहाजांची थोरवी मी मानतो. पण ही साक्षही त्यांच्या नावावर लिहिलेली राहायला हवी.

जुलै १८४६ मध्ये समितीचा अहवाल आला आणि तो आजही वाचावा इतका स्पष्ट आहे. अपघातांची जबाबदारी फ्रान्सप्रमाणे कंपन्यांवर टाका. ट्रक कायदा रेल्वेच्या कामांना लावा. पगार आठवड्याला आणि रोख द्या. काम सुरू करण्याआधी मजुरांच्या राहण्याची सोय करा.

सभागृहात त्यावर चर्चासुद्धा झाली नाही. धान्य कायद्यांवरून पंतप्रधान पील यांचं सरकार नुकतंच पडलं होतं, हे एक कारण. दुसरं असं की रेल्वेच्या शेअरांची हाव तेव्हा टोकाला पोचली होती. एकट्या १८४६ मध्ये संसदेने अडीचशेहून जास्त रेल्वे कायदे मंजूर केले. ते मंजूर करणाऱ्यांतल्या कित्येकांचे पैसे त्याच रेल्वेत अडकलेले. देशभर दोन लाखांच्या आसपास नॅव्ही राबत होते आणि मताचा अधिकार त्यांना नव्हता.

त्याच वर्षी दोन कायदे मात्र झाले, आणि दोन्ही मजुराला उपयोगी पडले नाहीत. एकाने अपघातात मेलेल्याच्या कुटुंबाला दावा लावायचा हक्क दिला. पण मेलेला माणूस जिवंत असता तर त्याला जो दावा लावता आला असता, तोच कुटुंबाला लावता येणार होता. मजुराचा दावा प्रीस्टली खटल्यानंतर उरलेलाच नव्हता. दुसऱ्याने डीओडँड ही जुनी प्रथा रद्द केली. माणूस ज्या वस्तूमुळे मेला, तिची किंमत ठरवून दंड म्हणून वसूल करायचा अधिकार चौकशीच्या ज्यूरीला होता आणि रेल्वे अपघातांत ज्यूरींनी मोठ्या रकमा लावायला सुरुवात केली होती. कंपन्यांच्या मागचं तेवढंही ओझं उतरलं.

त्यानंतर

पहिल्या बोगद्यात एकच रूळमार्ग होता. १८४७ मध्ये त्याला लागून दुसरा बोगदा खणायला घेतला. पहिल्याच्या भिंतीत आडव्या कमानी ठेवलेल्या असल्यामुळे हे काम सोपं गेलं. या वेळी राहण्याची सोय थोडी बरी होती, पण माणसांची दाटी तीच. १८४९ मध्ये पटकी आली आणि २८ जण मेले. बाकीचे कितीतरी काम टाकून पळाले. दुसरा बोगदा १८५२ मध्ये सुरू झाला.

कंत्राटाची हीच पद्धत ब्रिटिश कंपन्यांनी बाहेरही नेली. मराठी वाचकाला इथे भोर घाट आठवणारच. १८५६ मध्ये तिथलं रेल्वेचं काम सुरू झालं, कंत्राटदार आणि मुकादमांच्या साखळीत मजुरी अडकत गेली आणि जानेवारी १८५९ मध्ये थकलेल्या पैशांसाठी मजूर उठले. पुढच्या वर्षी सार्वजनिक कामांवरच्या मजुरीच्या तंट्यांसाठी कायदा आला. त्याने मजुराला मॅजिस्ट्रेटकडे जायची वाट दिली, आणि ठरलेलं काम अर्धवट सोडल्यास मजुरालाच शिक्षेची तरतूदही केली.

इंग्लंडमध्ये चिठ्ठी-दुकानाची बंदी सर्व अंगमेहनतीच्या कामांना लागू व्हायला १८८७ उजाडलं. मालकाच्या जबाबदारीचा पहिला कायदा १८८० चा, पण त्यात मजुरालाच दुसऱ्याची चूक सिद्ध करावी लागे. चूक कोणाची हा प्रश्न बाजूला ठेवून भरपाई देणारा कायदा आला १८९७ मध्ये, म्हणजे बूव्हरी समितीच्या अहवालानंतर ५१ वर्षांनी. रेल्वे आणि मोठी बांधकामं त्यात होती. मेलेल्या मजुरावर अवलंबून असलेल्या कुटुंबाला तीन वर्षांची मजुरी किंवा १५० पौंड, यांतली मोठी रक्कम मिळायची, कमाल मर्यादा ३०० पौंड.

हा दर मागे नेऊन वुडहेडला लावून पाहिला. ३२ कुटुंबं, प्रत्येकी किमान १५० पौंड, म्हणजे ४,८०० पौंड. बोगद्याचा खर्च दोन लाखांच्या आसपास झाला होता. कंपनीला हे शंभरातले अडीच पौंडही पडले नसते, आणि तांब्याच्या कांबा व सुरक्षित वाती त्याहून स्वस्तात आल्या असत्या.